सरकार आदेश पाळत नाही तेव्हा: अवमान याचिकेची तयारी, पायऱ्या आणि हमखास होणाऱ्या चुका

हायकोर्टात सरकारविरुद्धची रिट याचिका मंजूर झाली, आदेशात बारा आठवड्यांची मुदत होती, तीही उलटली, आणि कार्यालयात विचारलं तर ‘फाइल मंत्रालयात आहे’ एवढंच उत्तर मिळतं. आता अवमान याचिका करायची हे सगळ्यांना ठाऊक असतं. तरीही अशा पुष्कळ याचिका पहिल्या दोन-तीन तारखांतच निकाली निघतात, आणि कारणं बहुतेक वेळा तीच असतात. आदेशाची प्रत पोचल्याचा पुरावा नसतो, प्रतिवादी चुकीचा असतो, वर्ष उलटून गेलेलं असतं, किंवा मूळ आदेशात नव्हतंच ते आता मागितलेलं असतं.

अवमानाच्या कोर्टापुढे तुमचा हक्क खरा की खोटा हा प्रश्न नसतो, तो मूळ निकालात सुटलेला असतो. इथे बघतात ते इतकंच: आदेश नेमका काय होता, तो कुणाला कधी कळला, आणि कळूनही जाणूनबुजून मोडला का. पुढची सगळी तयारी या तीन प्रश्नांची कागदावरची उत्तरं गोळा करण्यासाठी आहे.

हा लेख मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशांपुरता आहे: मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर, गोव्यात पर्वरी, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच. कायदा सगळीकडे एकच, न्यायालय अवमान अधिनियम, १९७१. सरकारने आदेश न पाळणं हा त्यातला ‘दिवाणी अवमान’. त्याची व्याख्या कलम २(ब) मध्ये आहे: न्यायालयाच्या आदेशाचा हेतुपुरस्सर भंग किंवा न्यायालयाला दिलेल्या हमीचा हेतुपुरस्सर भंग. ‘हेतुपुरस्सर’ हा शब्द पेन्सिलीने अधोरेखित करून ठेवा, समोरचा वकील सगळं त्याच्याभोवतीच फिरवतो.

१. आधी दार बरोबर आहे का ते पाहा

प्रत्येक न पाळलेल्या आदेशाला अवमान याचिका हा उपाय नाही. दिवाणी कोर्टाचा पैशांचा किंवा ताब्याचा हुकूमनामा असेल तर दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, करायची. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्यापायी कलेक्टर कचेरीतली गाडी, खुर्ची, संगणक जप्त झाल्याच्या बातम्या येतात, त्या दरखास्तीच्या असतात, अवमानाचा त्यांच्याशी संबंध नाही. दिवाणी कोर्टाची मनाई मोडली असेल तर त्याच कोर्टात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली अर्ज करता येतो. ग्राहक आयोगाच्या आदेशासाठी २०१९ च्या कायद्याची कलमं ७१ आणि ७२ आहेत.

राज्य सरकारी कर्मचाऱ्याला महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाचा, म्हणजे मॅटचा, आदेश मिळाला असेल तर अवमान अर्जही मॅटमध्येच करायचा. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्याच्या कलम १७ ने त्यांना हायकोर्टासारखाच अधिकार दिला आहे. जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत. त्यांचा मूळ आदेश हायकोर्टाचा, म्हणून अवमानही हायकोर्टात.

आणखी एक फाटा. सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं आणि विशेष अनुमती याचिका (एसएलपी, म्हणजे अपिलाची परवानगी मागणारी याचिका) दारातच फेटाळली गेली, तर हायकोर्टाचा आदेश हायकोर्टाचाच राहतो आणि अवमान हायकोर्टात चालतो. पण अनुमती देऊन अपील गुणवत्तेवर निकाली निघालं असेल, तर हायकोर्टाचा आदेश त्या निकालात विलीन होतो आणि पालन न झाल्यास सर्वोच्च न्यायालयात जावं लागतं. हा भेद २००० सालच्या कुन्हयम्मेद निकालात स्पष्ट झाला आहे. ‘एसएलपी डिसमिस झाली’ एवढं तोंडी ऐकून पुढे जाऊ नका, तो आदेश काढून वाचा.

२. आदेशाचा शेवटचा भाग कोऱ्या कागदावर उतरवा

निकाल चाळीस पानांचा असला तरी अवमानासाठी उपयोगी मजकूर शेवटच्या एक-दोन परिच्छेदांत असतो. मधल्या पानांत न्यायमूर्तींनी खात्यावर कितीही ताशेरे ओढले असले तरी ते निर्देश नव्हेत. एका कागदावर चार रकाने आखा: काय करायचं, कुणी करायचं, किती मुदतीत, आणि मुदत कधीपासून मोजायची. प्रत्येक निर्देशासाठी वेगळी ओळ करा. कुठला रकाना रिकामा राहिला तर तुमची याचिका तिथेच कच्ची आहे.

शिक्षक मान्यतेच्या प्रकरणांत हे फार स्पष्ट दिसतं. समजा, आदेश असा आहे: ‘शिक्षणाधिकाऱ्यांनी आठ आठवड्यांत नियुक्तीस मान्यता द्यावी.’ शिक्षणाधिकारी मान्यता देतात, पण शालार्थ आयडी, म्हणजे पगाराच्या ऑनलाइन प्रणालीतला क्रमांक, उपसंचालक कार्यालयात अडकतो आणि पगार सुरू होत नाही. याचिकाकर्त्याच्या लेखी आदेश पाळलाच गेला नाही. कोर्टाच्या लेखी मात्र शिक्षणाधिकाऱ्यांनी सांगितलं तेवढं केलं, आणि उपसंचालकांना कुणी काही सांगितलंच नव्हतं. अवमानाचं कोर्ट मूळ आदेशाच्या चार भिंतींबाहेर जात नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सुधीर वासुदेव प्रकरणात पक्कं केलं आहे. अशा वेळी मूळ रिटमध्ये स्पष्टीकरणाचा अर्ज किंवा नवी याचिका हाच रस्ता. खरं तर ही काळजी रिटच्या विनंतीतच घ्यायला हवी होती. मान्यता, शालार्थ, थकबाकी आणि व्याज या चार गोष्टी वेगवेगळ्या मागायच्या असतात.

सगळ्यात फसवा आदेश म्हणजे ‘याचिकाकर्त्याच्या अर्जावर कायद्यानुसार निर्णय घ्यावा’. यात निर्णय घ्यायला सांगितलं आहे, तुमच्या बाजूने घ्यायला नाही. अधिकाऱ्याने अर्ज नामंजूर केला की आदेश पाळला गेला. तो निर्णय चुकीचा असेल तर त्यावर नवी रिट करायची. नवा निर्णय म्हणजे दाद मागण्याचं नवं कारण, हे जे. एस. परिहार प्रकरणापासून, १९९६ पासून, ठरलेलं आहे. दरवर्षी ढिगाने अवमान याचिका याच दगडावर आपटतात.

तपासा: सरकारी वकिलांनी काही सांगितलं म्हणून रिट निकाली निघाली असेल, तर ते नुसतं ‘निवेदन’ म्हणून नोंदलं आहे की ‘हमी म्हणून स्वीकारलं’ असे शब्द आहेत? दुसऱ्या प्रकारात तुमची बाजू बरीच भक्कम असते.

३. आदेश त्या माणसापर्यंत पोचवा आणि पोच घ्या

निकाल सरकारी वकिलांसमोर लागला म्हणजे खात्याला कळला, असं गृहीत धरू नका. कायद्याच्या भाषेत तो युक्तिवाद करता येतो, पण ‘आम्हाला प्रतच मिळाली नाही’ हे शपथपत्रातलं वाक्य आधीच कापून टाकणं सोपं आहे.

निकाल लागल्याच्या दिवशीच नक्कल अर्ज द्या. बऱ्याच आदेशांच्या शेवटी ‘सर्व संबंधितांनी या आदेशाच्या अधिप्रमाणित प्रतीवर कार्यवाही करावी’ अशा अर्थाची ओळ असते. ती असेल तर सहीशिक्क्याच्या नकलेची वाट न पाहता ती प्रत देता येते. संकेतस्थळावरून उतरवलेली प्रत लगेच माहितीसाठी द्या आणि नक्कल मिळाल्यावर ती पुन्हा द्या. दोन्हींच्या पोचा ठेवा.

प्रत द्यायला जाताना सोबत आवरणपत्र हवं. त्यात याचिका क्रमांक, आदेशाची तारीख, परिच्छेद क्रमांक आणि पालनाची शेवटची तारीख चार ओळींत लिहा. हे पत्र कार्यालयाच्या आवक शाखेत द्यायचं, साहेबांच्या केबिनबाहेरच्या शिपायाकडे नाही. आपल्या स्थळप्रतीवर तीन गोष्टी उमटल्या आहेत ना ते तिथेच, खिडकीपाशी उभं राहून बघा: गोल शिक्का, तारीख, आवक क्रमांक. नुसता शिक्का आणि कोंबडीच्या पायासारखी सही असेल तर सहा महिन्यांनी त्या कागदाला कुणी ओळख देत नाही. त्याच दिवशी तेच पत्र स्पीड पोस्टाने पोचपावतीसह आणि कार्यालयाच्या अधिकृत ईमेलवर पाठवा. पोस्टाच्या संकेतस्थळावर ‘वितरित’ दिसल्याचं पान लगेच छापून ठेवा, काही काळाने तो तपशील तिथून निघून जातो.

निर्देश जिल्हा पातळीवरच्या अधिकाऱ्याला असला तरी एक प्रत मंत्रालयातल्या विभागाला आणि एक सरकारी वकील कार्यालयाला द्या. पुढे ‘वरून मंजुरी आली नाही’ असं उत्तर येणारच असतं.

सावध: व्हॉट्सॲपवर पाठवलेली पीडीएफ आणि दोन निळ्या टिक्स यांवर एकट्यावर विसंबू नका. आधार म्हणून त्या चालतील, मुख्य पुरावा म्हणून नाही.

४. तारखा मोजा: पालनाची आणि तुमची

कलम २० प्रमाणे अवमान घडल्यापासून एक वर्षानंतर कारवाई सुरू करता येत नाही. पल्लव शेठ निकालाने (२००१) एक दिलासा दिला: वर्षाच्या आत याचिका दाखल झाली की पुरे, कोर्टाने नोटीस नंतर काढली तरी चालते. पण दाखल व्हायलाच हवी.

एक हिशेब करून पाहू. आदेश १५ जानेवारी २०२५ चा, ‘प्रत मिळाल्यापासून बारा आठवड्यांत’ असा. प्रत कार्यालयात २९ जानेवारीला पोचली. बारा आठवडे म्हणजे ८४ दिवस, ते २३ एप्रिल २०२५ रोजी भरतात. अवमान २४ एप्रिलपासून धरायचा आणि तिथून वर्ष मोजायचं. म्हणजे एप्रिल २०२६ ही काठावरची तारीख झाली. काठापर्यंत थांबायचं कारण नाही, जुलै-ऑगस्ट २०२५ मध्ये याचिका दाखल झालेली असावी. बारा आठवडे म्हणजे तीन महिने असं तोंडी धरून मोजणारे पाच-आठ दिवस चुकतात आणि स्वतःचं वर्षही तितकंच उशिरा सुरू झालं असं धरून बसतात.

आदेशात मुदतच नसेल तर ‘वाजवी काळ’ धरला जातो. तो नेमका कधी संपला यावर वाद होतो. म्हणून आवरणपत्रातच ‘आठ आठवड्यांत पालन करावे’ असं लिहा, पण स्वतःसाठी वर्ष मात्र खात्याला आदेश कळल्याच्या तारखेपासूनच मोजा. दोन्ही बाजूंनी सुरक्षित राहता.

सावध: स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. पहिलं, दुसरं, ‘अंतिम’ आणि मग ‘निर्वाणीचं’ स्मरणपत्र लिहिण्यात वर्ष गेलं, तर त्या फाइलची जाडी कामाला येत नाही. ‘अवमान रोज चालूच आहे’ या युक्तिवादावरही भरवसा ठेवू नका. अमुक तारखेपर्यंत करायची कृती झाली नाही आणि तिचा त्रास आजही सोसावा लागतो, एवढ्यावरून तो सततचा अवमान ठरतोच असं नाही. २०२४ च्या एस. तिरुपती राव निकालात सर्वोच्च न्यायालयाने याची सविस्तर फोड केली आहे.

५. स्थगिती आहे का ते स्वतः शोधा

नोटीस पाठवण्याआधी ई-कोर्ट्सवर आणि सर्वोच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर पक्षकाराच्या नावाने आणि मूळ खटल्याच्या क्रमांकाने शोध घ्या. हायकोर्टाच्या निकालाविरुद्ध विशेष अनुमती याचिकेला सर्वसाधारण मुदत ९० दिवसांची असते, आणि सरकार उशीर माफीच्या अर्जासह नंतरही जातं. निकाल महत्त्वाचा असेल तर आधीच कॅव्हेट, म्हणजे ‘आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका’ अशी सूचना, दाखल करा. ते ९० दिवस टिकतं, नंतर नव्याने करावं लागतं.

‘आम्ही अपील केलं आहे’ हे पालन न करण्याचं कारण होत नाही, नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही. पण स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर अवमानाचं कोर्ट सहसा थोडं थांबतं आणि आधी त्या अर्जावर निर्णय होऊ देतं. त्यात तुमच्या बाजूने एकच करता येण्याजोगं आहे. अर्ज कधी केला आणि तो बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, आणायला सरकारने काय हालचाल केली, याच्या तारखा काढून ठेवा. आठ महिने कार्यालयीन हरकतीच (कोर्टाच्या कार्यालयाने दाखवलेल्या त्रुटी) न काढलेलं अपील दाखवून कुणी वेळ मागत असेल, तर तो स्टेटसचा छापील कागद फार बोलका असतो.

६. शेवटची नोटीस: एकच, छोटी

कायद्यात दिवाणी अवमानाआधी नोटीस बंधनकारक नाही आणि दिवाणी संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस इथे लागू होत नाही. तरीही एक पत्र द्यावंच, कारण ‘हेतुपुरस्सर’ सिद्ध करायला तेच कामी येतं. मजकूर इतका पुरतो:

‘मा. मुंबई उच्च न्यायालयाने रिट याचिका क्र. … मध्ये दि. … रोजी दिलेल्या आदेशातील परिच्छेद … नुसार आपण प्रत मिळाल्यापासून बारा आठवड्यांत … करणे आवश्यक होते. आदेशाची प्रत आपल्या कार्यालयास दि. … रोजी आवक क्र. … अन्वये प्राप्त झाली आहे. मुदत दि. … रोजी संपली असून आजतागायत पालन झालेले नाही. हे पत्र मिळाल्यापासून पंधरा दिवसांत पालन करून लेखी कळवावे, अन्यथा न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ खाली आपल्याविरुद्ध व्यक्तिशः अवमान याचिका दाखल करण्यात येईल.’

यात आरोप, इतिहास, भ्रष्टाचाराचे इशारे, वृत्तपत्रांना प्रती, काही नको. पत्र अधिकाऱ्याच्या नावाने आणि पदनामाने जायला हवं.

याच सुमारास दहा रुपयांचा कोर्ट फी स्टँप लावून माहिती अधिकाराचा अर्ज टाका. मागायचं एवढंच: सदर आदेशावर उघडलेल्या नस्तीतल्या (फाइलमधल्या) टिप्पणीच्या प्रती, नस्ती आज कोणत्या टेबलावर आहे, आणि प्रत्येक टेबलावर ती कधी आली नि कधी गेली. टिप्पणीत एखाद्या कक्ष अधिकाऱ्याने ‘अवमान होऊ नये म्हणून तातडीने निर्णय आवश्यक’ असं लिहिलेलं असतं आणि त्याखाली वरिष्ठांचा ‘चर्चा करावी’ असा शेरा. त्या दोन ओळी तुमच्या दहा परिच्छेदांना भारी पडतात.

७. प्रतिवादी कोण: नाव हवं, खातं नको

मूळ रिटमध्ये पहिला प्रतिवादी ‘महाराष्ट्र शासन’ असतं. तीच यादी उचलून अवमान याचिकेत चिकटवणं ही सगळ्यात नेहमीची चूक. अवमान व्यक्ती करते. तुरुंगवास किंवा दंड व्यक्तीलाच होतो. म्हणून ‘श्री. अमुक तमुक, शिक्षणाधिकारी (माध्यमिक), जिल्हा परिषद …’ असं नाव आणि पदनाम दोन्ही हवं.

बदल्यांमुळे इथे गोंधळ होतो. मुदत संपली तेव्हा खुर्चीत कोण होतं आणि आज कोण आहे, दोघांचा तपशील काढा. जाणूनबुजून टाळल्याचा आरोप ज्याच्या काळात मुदत संपली त्याच्यावर ठेवायचा. आजच्या अधिकाऱ्याला पालन करून घेण्यासाठी सामील करायचं, आणि त्याला आदेशाची प्रत स्वतंत्रपणे दिलेली असायला हवी. काल रुजू झालेल्या माणसाने आज अवमान केला असं म्हणणारी याचिका कोर्टाला आवडत नाही.

वजन पडावं म्हणून मुख्य सचिवांपासून मंत्र्यांपर्यंत सगळ्यांना ओढू नका. निर्देश त्यांना नव्हता आणि फाइल त्यांनी अडवल्याचा कागद नाही, तर त्यांची नावं वगळायला सांगितलं जातं आणि एक तारीख फुकट जाते. कागद असेल तेव्हा मात्र पद आडवं येत नाही. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वनविषयक आदेश डावलल्याबद्दल महाराष्ट्राचे तेव्हाचे मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांना एक-एक महिन्याची साधी कैद दिली होती.

८. याचिका लिहिणं

चांगली अवमान याचिका दहा-बारा पानांत संपते. सुरुवातीला सारांश आणि तारखांची यादी. मग आदेशातला निर्देश शब्दशः, अवतरण चिन्हांत. मग प्रत पोचल्याची तारीख आणि आवक क्रमांक, मुदत संपल्याची तारीख, नोटीस, आणि आजची स्थिती. त्यानंतर प्रत्येक प्रतिवादीने काय केलं नाही, हे नाव घेऊन एक-एक परिच्छेद. ‘स्थगिती नाही’ हे विधान, ‘याचिका मुदतीत आहे’ हे तारखांसह विधान, आणि शेवटी विनंती.

विनंतीत शिक्षेबरोबर ‘आदेशाचं पालन करून शपथपत्र दाखल करावं’ ही मागणी असू द्या. व्याज, नुकसानभरपाई, पदोन्नती असं मूळ आदेशात नसलेलं काही घालू नका. पैशांचं प्रकरण असेल तर हिशेबाचं एक पान जोडा: महिना, देय रक्कम, मिळालेली रक्कम, फरक. कोर्टाला आकडा एका नजरेत दिसला पाहिजे.

जोडपत्रं: मूळ आदेश, आवरणपत्राची शिक्क्याची प्रत, पोस्टाचा पुरावा, नोटीस आणि तिची पोच, माहिती अधिकारातली टिप्पणी, पत्रव्यवहार. ईमेलच्या छापील प्रतींसोबत भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र जोडा. हायकोर्टाचं कामकाज इंग्रजीत चालतं, त्यामुळे याचिका इंग्रजीत लागेल. मराठी कागदांच्या भाषांतराबद्दल फायलिंग विभागात आधीच विचारून घ्या.

शपथपत्रातली प्रत्येक ओळ खरी हवी. मधल्या काळात अर्धी रक्कम जमा झाली असेल तर ते स्वतः सांगा. लपवलेली गोष्ट समोरच्याने उघड केली की मग अवमानाचा विषय बाजूला पडतो आणि तुमच्या वागण्यावर चर्चा सुरू होते.

वकील परवडत नसेल तर महिला, अनुसूचित जाती-जमातींतल्या व्यक्ती आणि अल्प उत्पन्न गटासाठी हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करता येतो.

तपासा: दाखल केल्यावर कार्यालयीन हरकती लगेच काढल्या का? क्रमांक पडला म्हणजे काम झालं असं समजून दोन महिने गप्प बसणाऱ्यांची याचिका हरकतींपायी आपोआप फेटाळली जाऊ शकते.

९. पहिल्या तारखेपासून पुढे

पहिल्या तारखेला बहुतेक वेळा सरकारी वकिलांना सूचना घ्यायला वेळ मिळतो किंवा साधी नोटीस निघते. नोटीस हमदस्त मागून घ्या, म्हणजे ती तुम्हाला स्वतः बजावता येते. बजावणीचं शपथपत्र पुढच्या तारखेआधी दाखल करा.

अधिकाऱ्याला कोर्टात उभं करा असा आग्रह पहिल्याच दिवशी धरू नका. ३ जानेवारी २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांच्या हजेरीबद्दल कार्यपद्धती घालून दिली आहे. हजेरी सरसकट नको, बोलवायचं तर आधी व्हिडिओ कॉन्फरन्सिंगचा पर्याय, पुरेशी आगाऊ सूचना, असा तिचा गाभा आहे. अवमानातही पालनाला सुधारित मुदत मागण्याची सोय तीत ठेवली आहे. त्यामुळे पहिली मागणी शपथपत्राची करा. दोन वेळा सांगूनही शपथपत्र आलं नाही, मग हजेरीची मागणी वजनदार होते.

उत्तरात ठरलेली कारणं येतात. ‘वित्त विभागाची सहमती प्रलंबित’: फाइल वित्त विभागाला कधी गेली ती तारीख विचारा, ती बहुतेक वेळा मुदत संपल्यानंतरची निघते. ‘निधी उपलब्ध नाही’: मुदतीत मुदतवाढ का मागितली नाही? ‘आदेश शासन निर्णयाशी विसंगत’: हा मुद्दा अपिलात मांडायचा होता. तुमचं प्रत्युत्तर याच तीन-चार ओळींत ठेवा, मूळ खटला पुन्हा लढवू नका.

मग एके दिवशी पालनाचं शपथपत्र येतं, बहुधा तारखेच्या आदल्या संध्याकाळी. इथे घाई करू नका. ‘सूचना घेण्यासाठी एक आठवडा’ मागा आणि दुसऱ्या पायरीतला चार रकान्यांचा कागद काढा. प्रत्येक निर्देशापुढे टिक करा. आदेश निघाला आहे की पैसे खात्यात आले आहेत? थकबाकी कुठल्या तारखेपासून धरली? व्याज मूळ आदेशात होतं, ते दिलं का? ‘सर्वोच्च न्यायालयातील निकालाच्या अधीन राहून’ असं लिहून दिलेलं पालन सहसा पालनच धरलं जातं, त्यावर भांडून उपयोग नाही. अर्धवट पालन असेल तर राहिलेले निर्देश क्रमांक घालून लेखी दाखल करा, तोंडी सांगितलेलं रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवशीच्या नोंदीत, येईलच असं नाही.

शिक्षेबद्दल अपेक्षा जमिनीवर ठेवा. कलम १२ खाली सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. माफी प्रामाणिक वाटली तर शिक्षा माफ होऊ शकते, आणि ती सशर्त आहे एवढ्याच कारणाने नाकारता येत नाही. कोर्टाला पालन हवं असतं, पालन झालं की बहुतेक प्रकरणं माफीवर संपतात. शिक्षा झालेल्याला कलम १९ प्रमाणे अपिलाचा हक्क आहे: हायकोर्टाच्या खंडपीठाकडे ३० दिवस, सर्वोच्च न्यायालयात ६० दिवस. याचिकाकर्त्याला मात्र ‘शिक्षा का दिली नाही’ म्हणून हे अपील करता येत नाही. त्याला राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ खाली सर्वोच्च न्यायालयाचं दार तेवढं उरतं.

टेबलाच्या पलीकडच्यांसाठी

हा लेख कार्यालयातली मंडळीही वाचतील, म्हणून थोडक्यात. आदेश आवक झाला त्या दिवशी नस्तीच्या मुखपृष्ठावर पालनाची शेवटची तारीख लाल शाईने लिहा. अपील करायचं की पालन, हा निर्णय मुदतीच्या पहिल्या तिसऱ्या भागात व्हायला हवा. विधी व न्याय विभाग आणि वित्त विभाग यांच्याकडे एकामागून एक फाइल पाठवण्यात बारा आठवडे सहज जातात. मुदत अपुरी वाटली तर ती संपण्याआधी मूळ याचिकेत मुदतवाढीचा अर्ज करा आणि त्यात फाइलच्या हालचालीच्या तारखा द्या. संपल्यावर, अवमानाची नोटीस आल्यावर केलेला तोच अर्ज बचावासारखा दिसतो. कार्यभार सोपवताना प्रलंबित न्यायालयीन आदेशांची यादी हस्तांतरणाच्या कागदाला जोडा, नाहीतर तुमच्या नावाची नोटीस तुमच्या नव्या ठिकाणी येते.

१०. निकाली निघाल्यावर

‘चार आठवड्यांत पालन करण्यात येईल असे निवेदन, सबब याचिका निकाली’ अशा आदेशावर घरी गेलात तर गाडी पुन्हा पहिल्या स्टेशनावर येते. निकाली काढण्यापूर्वी दोन गोष्टी आदेशात लिहून घ्या: ते निवेदन हमी म्हणून स्वीकारलं आहे, आणि पालन न झाल्यास याच याचिकेत पुन्हा येण्याची मुभा आहे. शक्य असेल तर याचिका निकाली न काढता पालनाच्या तारखेपर्यंत ठेवायला सांगा. मग नवी प्रत घ्या, नवं आवरणपत्र लिहा, पुन्हा आवक क्रमांक घ्या, आणि चार आठवडे कधी भरतात ते कॅलेंडरवर गोल करा. हमीच्या भंगाचं वर्ष त्या तारखेपासून नव्याने सुरू होतं.